चिपळूण सोडले की चिपळूणकर

चिपळूणच्या बाजारपेठेतल्या पाट्या वाचत चालावे. शिर्के, सुर्वे, कदम, जोशी, खोत, मुकादम, पारकर अशी कितीतरी आडनावे भेटतात. ज्या आडनावाची तिथे गर्दी असायला हवी ते ‘चिपळूणकर’ मात्र त्या मानाने विरळाच. ‘निबंधमाला’कार विष्णुशास्त्री चिपळूणकर जन्मले पुण्यात, १८५० साली. दापोली तालुक्यातले दाभोळ एके काळी कोकणातले बडे बंदर. पण नरेंद्र दाभोलकर साताऱ्याचे. इंदूरला गादी थाटणाऱ्या होळकरांचे होळ गाव नीरा नदीच्या काठी, इंदूरपासून शेकडो मैल दूर.

गावाचे नाव मिरवणारी माणसे त्या गावाबाहेरच का सापडतात, हे कोडे सुटले की मराठी आडनावांचा निम्मा कारभार समजतो. आणि त्यासाठी रत्नागिरी जिल्ह्यासारखी दुसरी जागा नाही. या जिल्ह्याने आंबे, मासे आणि माणसे बाहेर पाठवली, आणि माणसांबरोबर गावांची नावेही गेली.

गावात ‘कर’ माफ

हापूसच्या पेटीवर ‘रत्नागिरी’ असे छापायची गरज पडते ती पेटी वाशीच्या मार्केटला निघाली की. बागेत उभे राहून आंबा चोखणाऱ्याला तो कुठला हे कोणी सांगत नाही. आडनावातला ‘कर’ असाच बाहेर निघताना लागतो. पावस गावात सगळेच पावसचे; तिथे एखाद्याला पावसकर म्हणून काय साधणार? गावात ओळखायला वाडी पुरते, घराची जागा पुरते, फार तर एखादे टोपणनाव. वरच्या वाडीतला गणू, देवळाकडचा बाबू, एवढ्यावर पिढ्यान्‌पिढ्या व्यवहार चालतो. तोच गणू घाट चढून कऱ्हाडला किंवा गलबतात बसून मुंबईला गेला, की तिथले लोक विचारतात, ‘कुठला रे तू?’ त्या प्रश्नाचे उत्तर पुढे त्याच्या नातवंडांच्या नावाला चिकटून बसते.

कोकणातून माणसे निघण्याची कारणेही ठरलेली होती. कातळ फार, भातजमीन थोडी, आणि तिच्यावर खोताचा वाटा. श्रीवर्धनचे बाळाजी विश्वनाथ भट १७१३ मध्ये पेशवे झाले आणि घाटावर जाणाऱ्या वाटेवर कोकणी कारकुनांची, भटभिक्षुकांची रीघ लागली. इंग्रजी अमलात दापोलीला लष्कराची छावणी पडली आणि रत्नागिरीतून पलटणींत भरती होऊ लागली. मग मुंबईत कापडाच्या गिरण्या आल्या आणि चाकरमानी हा शब्द घरोघरी पोहोचला. दरबार, पलटण, गिरणी या तिन्ही ठिकाणी एक गोष्ट सारखी होती: कोणीतरी वही उघडून नाव विचारत होते.

त्याआधी आडनावावाचून फारसे अडत नसे. पेशवाईतले कागद पाहिले तर मोठमोठ्या माणसांची नावे ‘बाळाजी बाजीराव’, ‘बाजीराव बल्लाळ’, ‘बाळाजी जनार्दन’ अशी येतात. स्वतःचे नाव आणि बापाचे नाव, एवढ्यावर राज्य चालले. बापाचे नाव न चुकता येई, आडनाव आले तर आले. इंग्रजी दप्तराने मात्र प्रत्येक माणसाला एक ठरलेले शेवटचे नाव असावे असा धोशा लावला. शाळेचे जनरल रजिस्टर, पलटणीचे हजेरीपत्रक, गिरणीचे मस्टर, जमिनीची मोजणी. प्रत्येक ठिकाणी नाव लागले की ते बदलणे अवघड होत गेले. आज जे आडनाव ‘पूर्वापार’ म्हणून अभिमानाने सांगितले जाते, ते पुष्कळ घरांत शंभर-दीडशे वर्षांपूर्वी एखाद्या कारकुनाच्या टाकाने कायम झालेले असते.

जैतापूरचा ‘र’ कुठे गेला?

गावाला ‘कर’ जोडणे दिसते तितके सरळ नाही. पावसचा पावसकर, देवरुखचा देवरुखकर, मालगुंडचा मालगुंडकर, इथवर ठीक. पण जैतापूरचा माणूस जैतापूरकर न होता जैतापकर होतो. ताम्हाण्याचा ताम्हणकर होतो. सिंधुदुर्गातल्या तेंडोलीचा तेंडुलकर आणि गोव्यातल्या मंगेशीचा मंगेशकर.

यामागे जिभेची सोय आहे. गावाच्या नावाच्या शेवटी ‘ई’ किंवा ‘ए’ असेल तर ‘कर’ लागताना ती अक्षरे गळतात किंवा आखडतात. आणि ‘पूर’ला ‘कर’ लावला की एका दमात दोन ‘र’ येतात; त्यातला एक गिळला जातो. अर्थात नियम म्हणावा असे हे काही नाही. राजापूरकरांनी आपला ‘र’ शाबूत ठेवला आहे आणि केळशीकरांनी आपली ‘शी’. जी आडनावे लवकर कागदावर चढली ती धडधाकट राहिली, जी तोंडी फिरत राहिली ती झिजली, असा अंदाज बांधता येतो. त्यापुढे जाऊ नये.

झिजेला लिपीचीही साथ मिळाली. जुने दप्तर मोडीत. मोडीत ऱ्हस्व-दीर्घ ‘इ’ आणि ‘उ’ यांत फरक करत नाहीत, शब्द सुटे लिहीत नाहीत. मग मोडीतून बाळबोधीत आणताना ज्याने जसे वाचले तसे ते झाले. पुढे रोमन लिपी आली आणि तिने ‘ळ’ आणि ‘ण’ सपाट केले. चिपळूणकर परक्याच्या तोंडी चिपलुनकर होतात ते त्यामुळेच. काळे, साने, मोरे, दाते, गोरे यांचे इंग्रजी स्पेलिंग वाचून परदेशी माणूस ‘केल’, ‘सेन’, ‘मोअर’, ‘डेट’, ‘गोअर’ म्हणतो. पालगडच्या साने गुरुजींचे आडनाव इंग्रजीत लिहिले की त्याचा अर्थ ‘शहाणे’ असा होतो, हा मात्र निखळ योगायोग.

आणखी एक खाचखळगा आहे. एकाच नावाची गावे डझनांनी असतात. शिरगाव रत्नागिरीजवळ आहे, चिपळूण तालुक्यात आहे, देवगडकडे आहे. खेड रत्नागिरीतही आहे आणि पुणे जिल्ह्यातही; खेडे या शब्दाचाच तो भाऊ असल्यामुळे आणखीही कुठे असेल. तेव्हा शिरगावकर किंवा खेडेकर हे आडनाव गावाकडे बोट दाखवते खरे, पण नेमक्या कोणत्या गावाकडे ते सांगत नाही.

आंबडव्याचे आंबेडकर

मंडणगड तालुक्यात आंबडवे नावाचे गाव आहे. तिथले सकपाळ घराणे. त्या घरातले रामजी मालोजी पलटणीत सुभेदार झाले. महू येथे १४ एप्रिल १८९१ रोजी त्यांना मुलगा झाला, त्याचे नाव भिवा, म्हणजे पुढचे बाबासाहेब. पुढे हे कुटुंब साताऱ्यास राहायला गेले.

साताऱ्याच्या सरकारी शाळेच्या जनरल रजिस्टरात ७ नोव्हेंबर १९०० रोजी या मुलाची नोंद झाली. ती नोंद ‘भिवा रामजी आंबेडकर’ अशी आहे. शाळाप्रवेशाचा तो दिवस आता महाराष्ट्रात विद्यार्थी दिवस म्हणून पाळला जातो. सकपाळ हे कुळाचे नाव, गावावरून पडलेले आंबडवेकर हे दुसरे नाव, आणि कायम झाले ते तिसरेच. बाबासाहेबांच्या आठवणींत आंबेडकर आडनावाचे एक शिक्षक येतात. विद्यार्थ्यावर त्यांचा जीव होता, त्याचे आडनाव त्यांना उच्चारायला आडनिडे वाटे, म्हणून त्यांनी आपलेच आडनाव त्याला दिले. कृष्णाजी केशव आंबेडकर असे या शिक्षकांचे नाव सांगितले जाते.

आता आडनाव शोधणाऱ्याच्या नजरेने याकडे पाहावे. ‘आंबेडकर’ या शब्दाची रीतसर फोड केली तर आंबेड गावचा माणूस असा अर्थ निघतो, आणि आंबेड नावाचे गाव रत्नागिरी जिल्ह्यातच, पण संगमेश्वर तालुक्यात आहे. बाबासाहेबांच्या आडनावावरून कोणी त्यांचे मूळ गाव शोधू लागला असता तर तो जिल्ह्याच्या भलत्याच टोकाला पोहोचला असता. व्युत्पत्ती बिनचूक, उत्तर साफ चुकीचे! आडनावाच्या अभ्यासात अशी फसगत पदोपदी होते, आणि ज्यांना शब्दाची फोड करण्याची हौस अधिक त्यांची जास्तच होते.

हुद्दा गेला, नाव उरले

गावाखालोखाल आडनावे आली ती कामावरून. मंडणगड तालुक्याचेच वेळास गाव घ्यावे. आज ते समुद्री कासवांच्या पिल्लांमुळे माहीत आहे. पण तिथले भानू घराणे पेशवाईत फडावर बसले आणि फडणीस झाले. बाळाजी जनार्दन भानू हे नाव आज कितीजण ओळखतील? नाना फडणवीस म्हटले की शाळकरी पोरही मान हलवते. हुद्द्याने कुळाचे नाव गिळून टाकले.

फडणीस, चिटणीस, सबनीस, पारसनीस यांतला ‘नीस’ फारसीतल्या ‘नवीस’चा, म्हणजे लिहिणाऱ्याचा. फर्द म्हणजे यादी किंवा कागदाचा ताव, ती लिहिणारा फर्दनवीस, त्याचा फडणीस झाला. चिठ्ठ्या लिहिणारा चिटणीस, फारसी पत्रव्यवहार सांभाळणारा पारसनीस. अस्सल मराठी, त्यातही सोवळ्यातली समजली जाणारी ही आडनावे निम्मी फारसी आहेत, हे ऐकून काही घरांत भुवया उंचावतात. जोशी मात्र देशी: ज्योतिषी झिजून जोशी झाला.

कोकणाची खासियत समुद्राची. होडीवरच्या खलाशांचा म्होरक्या तो तांडेल, जहाजावर त्याच्यासारखा अधिकारी तो सारंग, आणि जहाजाचा धनी किंवा कप्तान तो नाखवा. नाखवा हा फारसी ‘नाखुदा’चा कोकणी अवतार, नाव आणि खुदा, म्हणजे नावेचा मालक. तिन्ही शब्द आज कोकणच्या किनाऱ्यावर आडनावे म्हणून नांदतात, आणि ज्यांच्या घरात दोन पिढ्यांत कोणी होडीत पाय ठेवलेला नाही असेही लोक ती लावतात.

हुद्द्याच्या आडनावांना धर्म नसतो, हे रत्नागिरीत जितके स्वच्छ दिसते तितके क्वचितच कुठे दिसत असेल. खोत म्हणजे गावाचा सारा वसूल करून सरकारात भरणारा. हे काम ब्राह्मणांकडे होते, मराठ्यांकडे होते, मुसलमानांकडेही होते. १९४९ च्या कायद्याने खोती गेली, खोत आडनाव तिन्हींकडे राहिले. दळ म्हणजे सैन्य. त्याच्या तुकडीचा पुढारी तो दळवी किंवा दळवाई. एका घरात त्याचे दळवी झाले, दुसऱ्या घरात दलवाई. मुस्लिम सत्यशोधक मंडळ स्थापणारे हमीद दलवाई चिपळूणजवळच्या मिरजोळीचे. मुकादम, पारकर, सारंग ही नावेही हिंदू-मुसलमान दोघांत सापडतात. नुसते आडनाव ऐकून समोरच्याची जात-धर्म ओळखू पाहणाऱ्यांना कोकणात वरचेवर तोंडघशी पडावे लागते, आणि ते बरेच आहे.

चौकट: आडनावाचा माग काढायचा तर
• सर्वांत जुना कागद आधी शोधावा. आजोबा-पणजोबांच्या शाळेचे जनरल रजिस्टर, जमिनीचे जुने फेरफार, तहसील कार्यालयातले कोतवाल बुक म्हणजे गाव नमुना १४. जुन्या नोंदी मोडीत असतील तर मोडी जाणणारा माणूस गाठावा.
• त्यात आजचेच आडनाव आहे का, की दुसरे? दोन आडनावे आढळली तर एक कुळाचे आणि एक गावाचे किंवा हुद्द्याचे असण्याचा संभव मोठा.
• आडनावात गाव असेल तर त्या नावाची सगळी गावे काढावीत आणि कुलदैवत कुठे आहे ते ताडून पाहावे.
• कित्येक घराण्यांचे कुलवृत्तांत छापलेले आहेत. त्यातल्या वंशावळी उपयोगी पडतात. आरंभीच्या दंतकथा बेताने घ्याव्यात.

राजांची सावली

कदम म्हणजे कदंब, शेलार म्हणजे शिलाहार, साळुंखे म्हणजे चालुक्य, मोरे म्हणजे मौर्य, जाधव म्हणजे यादव. शब्द म्हणून या जोड्या पटण्याजोग्या आहेत. शिलाहारांनी कोकणावर राज्य केले, कदंबांनी गोव्यावर. कोकणात मौर्यही होते. इसवी सन ६३४ च्या ऐहोळे शिलालेखात दुसऱ्या पुलकेशीने कोकणच्या मौर्यांना जिंकल्याचा उल्लेख आहे. कदमांचे देवक कळंब, म्हणजे कदंबाचेच झाड, हेही लक्षात घेण्यासारखे.

पण शब्द तोच म्हणून रक्त तेच, असे म्हणता येत नाही. राजाच्या किंवा सरदाराच्या पदरी असलेली माणसे त्याचेच नाव लावीत. म्हणून जाधव, पवार, कदम, मोरे, सकपाळ ही आडनावे मराठ्यांत आहेत, पूर्वाश्रमीच्या महारांत आहेत, इतरही अनेक जातींत आहेत. सोयरीक जुळवताना जुनी माणसे आडनावावर न थांबता देवक विचारीत ते याच कारणाने: देवक एक म्हणजे भाऊबंद, लग्न नाही, आडनाव एक असून देवक वेगळे असू शकते.

काही आडनावांचा अर्थ लागतो आणि काहींचा लागत नाही, हेही मान्य करायला हवे. गोडबोले, सहस्रबुद्धे, खरे, भिडे ही कोण्या पूर्वजाच्या स्वभावावरून पडली असे दिसते. लेले, नेने, लिमये यांच्यापाशी मात्र सामान्य वाचकाची मती खुंटते. अशा ठिकाणी घरोघरी गोष्टी तयार असतात: पूर्वजाने अमुक पराक्रम केला, राजाने खूश होऊन तमुक म्हटले. गोष्ट जितकी चटकदार तितका तिच्यावर विश्वास कमी ठेवावा.

पाळण्यातले केशव

आता पहिल्या नावाकडे. रत्नागिरीत २३ जुलै १८५६ रोजी जन्मलेल्या टिळकांचे पाळण्यातले नाव केशव. अण्णासाहेब कर्वे म्हणजे धोंडो केशव. मालगुंडचे कवी कृष्णाजी केशव दामले. त्यांनी तर बापाच्या नावावरूनच ‘केशवसुत’ हे टोपणनाव घेतले आणि दामले आडनाव मागे पडले. साताऱ्याचे ते शिक्षकही कृष्णाजी केशव. इतके केशव कुठून आले?

संध्येत आचमन करताना विष्णूची चोवीस नावे म्हणतात, त्यातले पहिले केशव. पुढे नारायण, माधव, गोविंद, विष्णू, मधुसूदन, त्रिविक्रम, वामन, श्रीधर, हृषीकेश, पद्मनाभ, दामोदर अशी यादी चालते. ती यादी हाती घेऊन शंभर वर्षांपूर्वीच्या एखाद्या कोकणस्थ घराची वंशावळ पाहिली तर निम्मी नावे त्यातच सापडतात. देवाचे नाव मुलाला द्यायचे कारणही भागवताने सांगून ठेवले आहे: पापी अजामिळाने मरताना आपल्या मुलाला ‘नारायणा’ म्हणून हाक मारली आणि एवढ्यावर तो तरला. मुलाला दिवसातून पन्नास वेळा हाक मारावी लागते. तेवढेच फुकटचे नामस्मरण.

त्यात नाव फिरून यायची चाल. आजोबा-पणजोबांचे नाव नातवा-पणतवाला द्यायचे. टिळकांना मिळालेले केशव हे त्यांच्या पणजोबांचे. पण घरातल्या सुनेने सासऱ्याचे नाव तोंडाने घ्यायचे नाही, हा दुसरा दंडक. मग सासऱ्याचेच नाव असलेल्या पोटच्या पोराला तिने हाक कशी मारावी? तोड निघाली ती बाळ, बाबा, नाना, तात्या, बापू, अण्णा यांची. कोकणी घरांत या हाकांची एवढी रेलचेल आहे तिचे एक मोठे कारण हेच. टिळकांच्या बाबतीत तर हाकेने नावावर मात केली. केशव गंगाधर बाजूला पडून बाळ गंगाधरच इतिहासात गेले.

सगळीच नावे देवाची नव्हती. कर्व्यांचे ‘धोंडो’ पाहावे. मुले जगत नसली की पुढच्या मुलाला दगडधोंड्याचे, केरकचऱ्याचे नाव देत: धोंडू, दगडू, केरू, कचरू. इतक्या टाकाऊ वस्तूवर ना दृष्ट लागणार, ना यमाची नजर जाणार. भीक मागून आणलेला म्हणून भिकू, भिकाजी. मुलगी वाटावी म्हणून मुलाचे नाक टोचून नथ घातली तर नथू. धोंडूला आणखीही एक वाट आहे. अधिक मासाला धोंड्याचा महिना म्हणतात. त्यात जन्मलेलाही धोंडू होऊ शकतो. कोणता धोंडू कोणत्या कारणाचा, हे त्याच्या घरचेच सांगू जाणे.

या चालीचा एक काळा भाग आहे. मुलाला टाकाऊ नाव द्यायचे ते तो जगावा म्हणून, पण मुलीला ‘नकुशी’ म्हणत ते खरोखरच नको म्हणून. सातारा जिल्ह्यात २०११ मध्ये अशा २८५ मुलींना समारंभ करून नवी नावे देण्यात आली.

मुलींच्या जुन्या नावांत नद्या पुष्कळ: गंगा, यमुना, गोदावरी, कृष्णा, भागीरथी. पण कोकणची कोणी ‘वाशिष्ठी’ फारशी भेटत नाही, ‘काजळी’ नाही, ‘मुचकुंदी’ नाही, आणि ‘जगबुडी’ हे नाव तर कोणती आई ठेवील? कोकणच्या नद्या आखूड, पावसाळ्यात अंगावर येणाऱ्या आणि उन्हाळ्यात बारीक होणाऱ्या. तीर्थाचे पुण्य घाटापलीकडच्या नद्यांना. कोकणी माणसाने घर आपल्या नदीकाठी बांधले आणि मुलीचे नाव दुसऱ्याच्या नदीवरून ठेवले.

ते नावही तिला आयुष्यभर पुरत नसे. लग्नात ताटात तांदूळ पसरून नवऱ्याने अंगठीने नवे नाव लिहायचे, की माहेरचे नाव पुसले. लांजा तालुक्यातल्या कोट गावचे मूळ नेवाळकर घराणे झाशीला राज्य करीत होते. त्या घरात मणिकर्णिका तांबे सून म्हणून आली आणि लक्ष्मीबाई झाली. अण्णासाहेब कर्व्यांनी १८९३ मध्ये पुनर्विवाह केला तेव्हा गोदूबाईंच्या आनंदीबाई झाल्या. विधवेशी लग्न करण्याइतके बंड केलेल्या घरातही नाव बदलण्याची चाल चुकली नाही!

आडनाव नसलेला राजा

रत्नागिरीला एक असा पाहुणा आला होता की ज्याला आडनाव म्हणजे काय हेच माहीत नसावे. ब्रह्मदेशचा राजा थिबा याला इंग्रजांनी पदच्युत करून १८८६ मध्ये रत्नागिरीत आणून ठेवले. १९१६ मध्ये तो तिथेच वारला. त्याचा राजवाडा आजही उभा आहे. ब्रह्मी लोकांत आडनाव नसते, बापाचे नावही लावीत नाहीत. मूल कोणत्या वारी जन्मले त्यावरून नावाचे पहिले अक्षर धरण्याची त्यांची जुनी चाल आहे.

ती रत्नागिरीकरांना अगदीच परकी वाटली नसेल. इथे वाराऐवजी नक्षत्र. सत्तावीस नक्षत्रांचे प्रत्येकी चार चरण, म्हणजे एकशे आठ. प्रत्येक चरणाला एक अक्षर. अश्विनीचे चू, चे, चो, ला. जन्मवेळेचा चरण पाहून भटजी अक्षर काढतात, बारशाला आत्या कानात नाव सांगते, आणि अक्षराला साजेसे नाव न सुचल्यास पत्रिकेतले एक आणि हाकेचे दुसरे अशी तडजोड होते. भटजी ज्यांच्या दारी येत नसत त्यांनी तर थेट वारावरूनच नावे ठेवली: सोमा, मंगळ्या, बुधा, शुक्र्या. थिबाच्या देशात हे खपून गेले असते.

थिबाच्या थोरल्या राजकन्येची मुलगी टुटू रत्नागिरीतच वाढली, इथेच तिने लग्न केले आणि ती पवार झाली. ज्या घराण्याला आडनाव नव्हते त्याच्या नातीला दोन पिढ्यांत कोकणातले नेहमीचे आडनाव मिळाले.

आडनावावाचून चालत असलेल्या समाजांना सरकारने आडनाव घ्यायला लावल्याची उदाहरणे इतरत्रही आहेत. जपानने १८७५ मध्ये ते सर्वांना सक्तीचे केले, तुर्कस्तानने १९३४ मध्ये. आइसलंडमध्ये अजूनही बहुतेकजण बापाच्या किंवा आईच्या नावाला ‘चा मुलगा’, ‘ची मुलगी’ एवढेच जोडतात. पेशवाईतल्या कागदांचीच ती रीत.

आधी आई

मराठी नावाची ठेवण, म्हणजे स्वतःचे नाव, बापाचे नाव, आडनाव, ही गेली शंभर-दीडशे वर्षे जवळजवळ न हलता चालली. तिच्यात मोठा बदल झाला तो अगदी अलीकडे. महाराष्ट्र सरकारने मार्च २०२४ मध्ये निर्णय घेतला की १ मे २०२४ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदपत्रांत मुलाचे नाव, मग आईचे नाव, मग वडिलांचे नाव आणि शेवटी आडनाव असा क्रम राहील. विवाहित स्त्रियांच्या नावाची पद्धत मात्र पूर्वीचीच ठेवली: तिचे नाव, नवऱ्याचे नाव, आडनाव.

म्हणजे आईचे नाव आता लागेल, पण तिचे माहेरचे आडनाव, आणि लग्नात बदलले असल्यास मूळचे नाव, या कागदावर येणार नाही. सासरच्या जुन्या कागदांतही ते सहसा नसते. घरात आजी किंवा पणजी असेल तर तिचे माहेरचे संपूर्ण नाव, तिच्या आईचे नाव आणि त्यांचे गाव विचारून एका वहीत लिहून ठेवावे.